पावसाळ्यातला एक शनिवार: हौशी खगोल मंडळांना खुले पत्र

महाराष्ट्रातील सर्व हौशी खगोल मंडळांच्या कार्यकर्त्यांस,

सप्रेम नमस्कार.

जून उजाडला की आपल्या दुर्बिणी खोक्यात जातात. आरशाला बुरशी धरू नये म्हणून सिलिका जेलच्या पुड्या, वर प्लास्टिकची पिशवी, आणि मग दिवाळीच्या सुमारास आकाश धुऊन निघेपर्यंत आपण सगळे चार भिंतींत. त्या काळात व्याख्यानं होतात, नव्या सभासदांसाठी वर्ग होतात, आणि एखाद्या सुट्टीच्या दिवशी कृष्णविवरांवरची कुठलीतरी चकचकीत फिल्म लावून वेळ मारून नेली जाते. त्यातली एक संध्याकाळ मी तुमच्याकडे मागते आहे. नव्वद मिनिटं चित्रपट आणि नंतर तेवढाच वेळ बोलायला.

चित्रपट चिलीचा आहे. दिग्दर्शक पात्रिसियो गुस्मान, जन्म १९४१, सान्तियागोचा. चित्रपटाचं नाव ‘नोस्टॅल्जिया फॉर द लाइट’, साल २०१०. त्या वर्षी तो कान महोत्सवात दाखवला गेला आणि युरोपियन फिल्म अकादमीचा सर्वोत्कृष्ट माहितीपटाचा पुरस्कारही त्याला मिळाला. फिल्म सोसायटीच्या मंडळींना तो ठाऊक आहे. हे पत्र त्यांना लिहीत नाही, कारण ते तो बघतात, ‘काय कविता आहे!’ म्हणतात आणि चहाला जातात. (मी फिल्म सोसायटीचीही पावती दरवर्षी फाडते, त्यामुळे बोलायचा हक्क आहे.) माझ्या मते त्याचा खरा प्रेक्षक तुम्ही आहात. त्याची सुरुवातच एका जुन्या जर्मन दुर्बिणीने होते. दातेरी चाकं फिरतात, मोठाले लोखंडी भाग सरकतात, घुमट उघडतो, आत उजेड येतो. सान्तियागोतली ही दुर्बीण गुस्मानने लहानपणी पाहिलेली होती, आणि ती अजून चालते. आपल्यातल्या ज्यांनी स्वतःच्या हाताने आरसा घासला आहे त्यांना ही पहिली काही मिनिटं कुणी समजावून सांगायला नको.

चिलीच्या उत्तरेचं आताकामा वाळवंट, हे नाव तुम्हाला नवीन नाही. ला सिया, सेरो तोलोलो, लास कांपानास, पारानाल, आल्मा ही तिथल्या वेधशाळांची नावं आपण व्याख्यानात घडाघडा घेतो. तिथेच वेधशाळा का, याचं उत्तरही आपण पोरांना देतो: हवेत पाण्याची वाफ जवळजवळ नाही, त्यामुळे अवरक्त आणि मिलिमीटर लहरी वाटेत शोषल्या जात नाहीत. आल्माच्या ६६ अँटेना पाच हजार मीटरवर नेऊन ठेवल्या आहेत त्या हौस म्हणून नव्हे. पण त्याच कोरडेपणाची दुसरी बाजू आपण सांगत नाही. तिथल्या जमिनीत जे पुरलं जातं ते कुजत नाही. आताकामाच्या किनारपट्टीवर चिंचोरो लोकांनी केलेल्या ममी सुमारे सात हजार वर्षं जुन्या आहेत, इजिप्तच्या ममींपेक्षा कितीतरी आधीच्या. वर आकाश स्वच्छ आणि खाली जमीन काही विसरत नाही, असा तो प्रदेश आहे. या एका भौतिक गोष्टीवर गुस्मानने अख्खा चित्रपट उभा केला आहे.

११ सप्टेंबर म्हटलं की आपल्याला न्यूयॉर्क आठवतं. चिलीत ती तारीख त्याच्याही २८ वर्षं आधी ठसली. ११ सप्टेंबर १९७३ ला लष्कराने साल्वादोर आयेंदे यांचं निवडून आलेलं सरकार उलथवलं. राष्ट्राध्यक्षांच्या राजवाड्यावर विमानांतून हल्ला झाला, आयेंदे त्याच दिवशी मरण पावले, आणि जनरल पिनोशेची राजवट सुरू झाली ती १९९० पर्यंत. बंडानंतर महिन्याभरात जनरल आरेयानो स्तार्कच्या हाताखालची एक तुकडी हेलिकॉप्टरने गावोगावच्या तुरुंगांत फिरली आणि कैदी मारत गेली. १९ ऑक्टोबर १९७३ ला ती आताकामातल्या कालामा गावी उतरली. तिथे २६ जण मारले गेले आणि त्यांचे देह वाळवंटात पुरले. पुढे बोभाटा होईल या भीतीने राजवटीने देह उकरून दुसरीकडे हलवले. हे काम यंत्रांनी केलं. यंत्राच्या दातांतून निसटलेले तुकडे तेवढे मागे राहिले.

त्या तुकड्यांसाठी कालामाच्या बायका वाळवंटात जात राहिल्या. हातात छोटी फावडी, डोक्यावर टोपी, नजर जमिनीवर. कुणाचा नवरा, कुणाचा भाऊ, कुणाचा मुलगा. १९९० मध्ये एका घळीत काही अवशेष सापडले. तोवर सतरा वर्षं झाली होती. गुस्मान कॅमेरा घेऊन गेला तेव्हाही त्यांच्यातल्या काही जणी जातच होत्या. चित्रपटात विक्टोरिया साआवेद्रा भावाविषयी सांगते. बुटात असलेलं एक पाऊल मिळालं, काही दात, कपाळाचा थोडा भाग. ते पाऊल घरी आणलं. रात्री उठून ती त्याच्यावरून हात फिरवत राहिली. सकाळी नवरा कामावर गेला आणि ती सगळी सकाळ भावाच्या पावलाशेजारी बसून राहिली. भाऊ खरंच गेला हे तेव्हा कुठे तिला कळलं. हे सगळं ती आवाज न चढवता सांगते. कॅमेरा जवळ सरकत नाही, मागे संगीत वाजत नाही. इथे गुस्मानने काही म्हणजे काही केलेलं नाही, आणि दिग्दर्शक म्हणून मला तो इथेच सगळ्यात मोठा वाटतो.

दुसरी, व्हायोलेता बेर्रीओस, म्हणते की या दुर्बिणी नुसत्या वर बघण्याऐवजी जमिनीच्या आरपार बघू शकल्या असत्या तर बरं झालं असतं.

आता तुम्ही म्हणाल, हे सगळं हृदयद्रावक आहे, पण यात खगोलशास्त्राचा संबंध तुम्ही ओढूनताणून आणताय. तसं नाही. चित्रपटात गास्पार गालास नावाचे खगोलशास्त्रज्ञ आहेत. ते सांगतात ती गोष्ट आपण दर अमावास्येच्या आसपासच्या शनिवारी ताडपत्रीवर बसून सांगत असतो. जे जे दिसतं ते भूतकाळातलं असतं. चंद्राचा प्रकाश सव्वा सेकंदाचा शिळा, सूर्याचा आठ मिनिटांचा. समोरच्या माणसाचा चेहरासुद्धा अगदी सूक्ष्म का होईना, मागचाच. ‘आत्ता’ म्हणून ज्याच्यावर बोट ठेवावं असं हाती काही उरत नाही. आपण हेच सांगतो आणि ध्रुवताऱ्यावर हिरवा लेझर रोखून म्हणतो, ‘हा प्रकाश निघाला तेव्हा शिवाजी महाराजांचा जन्मही झालेला नव्हता.’ लोक ‘अबब’ म्हणतात, पोरं माना वर करून बघतात, आणि आपण पुढच्या ताऱ्याकडे जातो. वाक्य हमखास टाळी घेणारं आहे. मीही ते कित्येकदा वापरलं आहे आणि पुढेही वापरीन.

फरक एवढाच की गालास आणि गुस्मान पुढच्या ताऱ्याकडे जात नाहीत. ते तिथेच थांबून विचारतात: भूतकाळ बघणं हेच जर आपलं काम, तर किती लांबचा भूतकाळ बघायचा आणि किती जवळचा बघायचा नाही, हे कोण ठरवतं? गालास एक फार प्रामाणिक गोष्ट बोलतात. आम्हीही भूतकाळ शोधतो आणि त्या बायकाही. पण आम्ही रात्रभर निरीक्षण करून सकाळी शांत झोपू शकतो, त्यांना झोप कशी लागत असेल? पुरातत्त्वज्ञ लाउतारो नुन्येस आणखी पुढे जातात. कोलंबसपूर्व काळातल्या प्रवाशांनी आताकामातल्या खडकांवर कोरलेली चित्रं ते दाखवतात आणि म्हणतात की आमच्या देशाने आपला सगळ्यात जवळचा भूतकाळच दडवून ठेवला आहे. सोऱ्याच्या, म्हणजे खतासाठी लागणाऱ्या क्षाराच्या, खाणींत मजुरांचं काय झालं हेही आम्ही नीट सांगितलेलं नाही.

त्या खाणींचा उल्लेख आलाच आहे तर चाकाबुकोविषयी सांगते, कारण चित्रपटातला हा भाग मला तुमच्या मंडळात दाखवायचाच आहे. चाकाबुको हे वाळवंटातलं सोऱ्याच्या कारखान्याचं गाव. हवेतल्या नायट्रोजनपासून कृत्रिम खत करता यायला लागलं तसा चिलीच्या सोऱ्याचा बाजार बसला आणि अशी गावं ओस पडली. पिनोशेच्या लष्कराला तुरुंग बांधावा लागला नाही. मजुरांच्या खोल्या होत्याच, भोवती काटेरी तार ओढली की झालं. तिथल्या कैद्यांपैकी काही जणांनी आकाशदर्शनाचा गट काढला. त्यांच्यातला एक जण खगोलशास्त्र जाणणारा होता. दिवसा तो शिकवायचा आणि रात्री सगळे बाहेर येऊन तारे ओळखायचे. जवळ असेल त्या वस्तूंतून त्यांनी ताऱ्यांची जागा मोजायचं एक साधनही बनवलं. लुइस एन्रिकेस हा त्यांच्यातला एक. चित्रपटात तो त्याच भिंतींपाशी उभा राहून सांगतो की आकाशाकडे बघताना आम्हाला मोकळं वाटायचं. पुढे लष्कराने हे वर्ग बंद पाडले. कारण? ताऱ्यांवरून दिशा ओळखून कैदी पळून जातील.

आपल्या सगळ्या मंडळांच्या इतिहासात आकाशदर्शनाला एवढी मोठी दाद कुणी दिलेली नाही.

त्याच चित्रपटात मिगेल लॉनर नावाचे वास्तुविशारद आहेत. पिनोशेच्या तुरुंग-छावण्यांत असताना ते पावलं मोजत चालायचे. आंघोळीची जागा किती पावलं, पहाऱ्याचा मनोरा किती, तार किती. आपण हात लांब करून मूठ धरतो आणि दहा अंश मोजतो, तसंच हे: शरीर हेच मोजमापाचं साधन. रात्री चोरून आराखडा काढायचा, सकाळी फाडून तुकडे संडासात टाकायचे, आणि काढलेलं डोक्यात ठेवायचं. सुटल्यावर डेन्मार्कमध्ये निर्वासित म्हणून गेल्यावर त्यांनी त्या सगळ्या छावण्या आठवणीतून कागदावर उतरवल्या. ज्या लष्कराला वाटत होतं की पुरावा उरलेला नाही, त्याच्यासमोर मापासकट नकाशे आले. कॅमेऱ्यासमोर लॉनर खोलीत पावलं टाकून दाखवतात. तेवढं दृश्यसुद्धा निरीक्षण म्हणजे काय याच्यावरच्या तासाभराच्या व्याख्यानाला भारी आहे.

आणि एक गोष्ट, जी चित्रपटात नाही, पण आपल्यापैकी प्रत्येकाला माहीत असायला हवी. फेब्रुवारी १९८७. लास कांपानास वेधशाळेत इयान शेल्टनच्या छायाचित्रात मोठ्या मॅगेलन मेघात, म्हणजे आपल्या शेजारच्या एका दीर्घिकेत, एक तारा उगवलेला दिसला. त्याच रात्री ऑस्कर दुहाल्दे यांनी तो नुसत्या डोळ्यांनी पाहिला होता. अतिनवतारा १९८७ ए. आपल्या स्लाइड-शोमधला तो हुकमी एक्का. ताऱ्याच्या सुमारे १,६८,००० वर्षांपूर्वीच्या स्फोटाचा प्रकाश त्या रात्री पृथ्वीवर पोचला. त्या रात्री चिलीत पिनोशेचं राज्य होतं, आणि त्याच वाळवंटाच्या उत्तर भागात कालामाच्या बायकांचं चौदावं वर्ष चालू होतं. खगोलशास्त्रज्ञांनी काही पाप केलं असं मी म्हणत नाही, गुस्मानही म्हणत नाही. पण यापुढे १९८७ ए ची स्लाइड लावताना तुम्हाला एवढं आठवलं तर माझं पत्र फुकट गेलं नाही. आणि कधी हौसेने आल्मा बघायला गेलात, तर विमानाने जिथे उतरता तो विमानतळ कालामाचा असतो.

मागे एका मंडळाच्या बैठकीत मी हा विषय काढला होता. उत्तर मिळालं, ‘मॅडम, पिक्चर चांगला असेल, पण आपण राजकारणात पडत नाही.’ मला हा आक्षेप कळतो. आपल्या ताडपत्रीवर कोण कुठल्या पक्षाचं हे कुणी विचारत नाही, आणि ती फार मोलाची गोष्ट आहे. आजूबाजूला एवढी एकच जागा उरली असेल तर ती जपायलाच हवी. पण आपण अगदीच कशात पडत नाही हे काही खरं नाही. ग्रहणाच्या दिवशी आपण चौकात दुर्बीण लावतो आणि लोकांसमोर मुद्दाम पोहे खातो. गरोदर बाईला कोंडून ठेवू नका म्हणून सांगतो. घरातल्या वडीलधाऱ्यांचा, कधी कधी गल्लीतल्या पुढाऱ्याचा राग ओढवून घेतो. हे आपण कशाच्या जोरावर करतो? जे दिसलं ते दिसलं म्हणायचं, एवढ्याच जोरावर.

चिलीत नेमका तोच प्रश्न होता. बेपत्ता माणसं मुळात आमच्याकडे नव्हतीच, असं सरकार म्हणत होतं. १९७५ मध्ये तर कहर झाला. अर्जेंटिना आणि ब्राझीलमध्ये निघालेल्या, कुणी कधी न ऐकलेल्या नियतकालिकांत ११९ चिलीयन लोकांची नावं छापून आली: हे परदेशात आपापसांत भांडून मेले. बातम्या बनावट होत्या. ती माणसं चिलीतच धरून नेलेली होती. अशा वेळी एखादी बाई वाळवंटात जाऊन हाडाचा एक तुकडा उचलून आणते, तेव्हा ती कुठल्या पक्षाची हा प्रश्न फार मागे राहतो. तिच्या हातात पुरावा असतो. रूपविकारी, म्हणजे तेज कमीजास्त होणाऱ्या, ताऱ्यांची निरीक्षणं करणारे आपले सभासद वहीत तारीख, वेळ, आकाशाची स्थिती लिहितात, आणि तारा दिसला नाही तर ‘दिसला नाही’ हेही लिहितात, कारण तीसुद्धा नोंद असते. या माणसांना हा चित्रपट राजकीय वाटेल असं मला वाटत नाही. त्यांना तो त्यांच्या वहीचा वाटेल.

आकडा हवा असेल तर चिली सरकारच्याच हिशेबाने १,४६९ माणसं बेपत्ता झाली किंवा मारून त्यांचे देह नातेवाइकांना दिले गेले नाहीत. त्यांतल्या ३०७ जणांचे अवशेष २०२३ पर्यंत ओळखता आले होते. बाकीच्यांसाठी सरकारने राष्ट्रीय शोध योजना जाहीर केली, ती ऑगस्ट २०२३ मध्ये. म्हणजे बंडाला पन्नास वर्षं पुरी व्हायला पंधरवडा उरला होता तेव्हा.

गुस्मान माझा लाडका दिग्दर्शक आहे म्हणून त्याचं सगळंच गोड मानून घ्या असं नाही. त्याला उपमांचा फार सोस आहे. शेवटाकडे ताऱ्यांतलं कॅल्शियम आणि हाडांतलं कॅल्शियम एकच, असा धागा तो ओवतो. विज्ञान म्हणून ठीक आहे. कॅल्शियमसारखी मूलद्रव्यं ताऱ्यांच्या पोटात तयार होतात, हे बर्बिज दांपत्य, फाउलर आणि हॉईल या शास्त्रज्ञांनी १९५७ मध्ये सविस्तर मांडलं, आणि हॉईल हे आपल्या जयंत नारळीकरांचे गुरू, त्यामुळे ही कथा मराठीत आपण नारळीकरांकडूनच ऐकलेली आहे. पण चित्रपटात ती जोडणी मला जरा जास्तच गुळगुळीत वाटते. कालामाच्या बाईला तिच्या भावाच्या हाडातलं कॅल्शियम विश्वाइतकं जुनं आहे की कसं याच्याशी काय करायचंय? तिला भाऊ हवा आहे. लॉनर यांच्या पत्नीला स्मृतिभ्रंश झालेला आहे, आणि त्या जोडप्यात गुस्मानला अख्खी चिली दिसते: एकाला सगळं आठवतं, दुसरी विसरत चालली आहे. एखाद्या आजारी बाईला देशाचं प्रतीक करून टाकणं मला खटकलं.

त्याच्या पुढच्या चित्रपटात, २०१५ च्या ‘द पर्ल बटन’मध्ये, हा सोस हाताबाहेर गेला आहे. पाण्याला स्मृती असते असं तो तिथे सुरुवातीलाच मान्य करून टाकतो. आपल्या मंडळात तो लावलात तर मागच्या रांगेतून कुणीतरी हमखास उठेल आणि होमिओपॅथीवर वाद सुरू होईल, म्हणून आधीच सावध करते. तरी त्यातली एक वस्तू विसरता येत नाही. बेपत्ता माणसांना रेल्वेच्या रुळाचे तुकडे बांधून समुद्रात टाकलं जायचं. पुढे न्यायालयीन तपासात पाणबुड्यांनी असे रूळ वर काढले. त्यांतल्या एकाला गंजात घट्ट रुतून बसलेलं शर्टाचं एक बटण होतं. माणूस विरघळून गेला, बटण राहिलं. अशा वस्तूपाशी गुस्मान येतो तेव्हा त्याची सगळी कविता मी माफ करून टाकते.

त्याने हे चित्रपट म्हातारपणी, पॅरिसमध्ये बसून, आठवणींत रमून केले असा समज होऊ नये. आयेंदेंच्या शेवटच्या काळात हाच गुस्मान, वय बत्तीसच्या आत, चार सहकाऱ्यांसह एक कॅमेरा आणि एक ध्वनिमुद्रण यंत्र घेऊन सान्तियागोच्या रस्त्यांवर होता. चिलीत कच्ची फिल्म मिळत नव्हती. ती फ्रान्सहून ख्रिस मार्कर या दिग्दर्शकाने पाठवली. बंडानंतर गुस्मानला राष्ट्रीय स्टेडियममध्ये कोंडलं गेलं. चित्रित केलेली रिळं स्वीडनच्या वकिलातीच्या मदतीने जहाजातून देशाबाहेर गेली, आणि क्यूबात बसून त्यांचं संकलन झालं. त्यातून १९७५ ते १९७९ या काळात ‘द बॅटल ऑफ चिले’चे तीन भाग आले, सगळे मिळून साडेचार तासांच्या आसपास. त्यात एक तुकडा आहे, अर्जेंटिनाच्या लिओनार्दो हेन्रिक्सन या कॅमेरामनने २९ जून १९७३ ला टिपलेला. समोरचा सैनिक नेम धरतो, गोळी सुटते, आणि चौकट कलंडते. हेन्रिक्सनने स्वतःचं मरण चित्रित केलं.

आणि गुस्मानचा स्वतःचा कॅमेरामन, होर्हे म्युलर सिल्वा, त्याला नोव्हेंबर १९७४ मध्ये रस्त्यातून उचलून नेलं. तो आजही बेपत्ता आहे. त्यामुळे गुस्मान आताकामात त्या बायकांच्या मागून चालतो तेव्हा तो बाहेरून आलेला पाहुणा नसतो. ज्याने त्याच्यासाठी हे सगळं डोळ्यांनी पाहिलं, त्याचंही हाड त्याला मिळालेलं नाही. हे माहीत नसताना चित्रपट बघितला तर तो सुंदर वाटतो, तारे सुंदर, वाळवंट सुंदर. फिल्म सोसायट्यांबद्दलची माझी तक्रार हीच आहे: त्या हा चित्रपट एकटा लावतात. तुम्ही तसं करू नका.

साडेचार तास तुमच्या सभासदांना बसवा असं म्हणायचं धाडस माझ्यात नाही. पण १९९७ चा ‘चिली, ऑब्स्टिनेट मेमरी’ तासाभराचाच आहे. त्यात गुस्मान पंचवीसएक वर्षांपूर्वीची आपली रिळं घेऊन देशात परत येतो आणि बंडाच्या वेळी शाळेतही न गेलेल्या पोरांना दाखवतो. पोरं आधी वाद घालतात, लष्कराने केलं ते बरंच केलं असंही त्यांतली काही म्हणतात. मग चित्रपट संपतो आणि त्यांच्यातले काही जण ढसाढसा रडतात. ज्या देशात हे घडलं त्या देशाच्या दूरचित्रवाणीने ‘द बॅटल ऑफ चिले’ दाखवायला २०२१ साल उजाडावं लागलं. हा तासाभराचा चित्रपट आधीच्या आठवड्यात, मग आताकामाचा. एवढं जमवा.

थोडं व्यवहाराचं बोलते. दाखवण्याचे हक्क रीतसर वितरकाकडून घ्या; मंडळ नोंदणीकृत असेल आणि तिकीट नसेल तर पत्र लिहून बघायला काय हरकत आहे? चोरीची प्रत नको. ज्या माणसाने रिळं जिवावर उदार होऊन वाचवली त्याचा चित्रपट टेलिग्रामवरून उतरवून लावणं बरं दिसत नाही. संवाद स्पॅनिश आहेत, खाली इंग्रजी ओळी येतात, आणि आपल्या सभासदांतल्या आजी-आजोबांना त्या धावत्या ओळी वाचता येत नाहीत हे मला ठाऊक आहे. पुण्यामुंबईत स्पॅनिश शिकणारी पुष्कळ मुलं आहेत. त्यांना हाताशी धरून दोन पानांचं मराठी टिपण करा, नावं आणि तारखांसकट, आणि आधीच वाटा. नंतरच्या चर्चेला सिनेमाचा अभ्यासक बोलावू नका. मंडळातलाच कुणीतरी उभा करा, शक्यतो निरीक्षणाच्या वह्या ठेवणारा. प्रश्नमंजूषा तर मुळीच नको.

तारीखही सुचवते. २०२६ मध्ये ११ सप्टेंबरला, शुक्रवारी, अमावास्या आहे. म्हणजे आपल्या रिवाजाप्रमाणे आकाशदर्शनाचा शनिवार १२ तारखेचा. ढग असणारच, त्यामुळे कुणाचं आकाश बुडत नाही. आणि चुकून आभाळ फाटलंच तर चित्रपटानंतर गच्चीवर जाऊ. फक्त हॉल आत्ताच धरून ठेवा, कारण सोमवारी १४ तारखेला गणपती बसताहेत आणि त्या आठवड्यात गावात मंडपवाल्यापासून प्रोजेक्टरवाल्यापर्यंत कुणीही फोन उचलत नाही.

आपली,
मंडळाची एक जुनी सभासद
पुणे